पॅड ३४ वरची 'धोकादायक नसलेली' चाचणी

२७ जानेवारी १९६७, शुक्रवारची दुपार. फ्लोरिडात केप केनेडीला, म्हणजे आजच्या केप कॅनाव्हेरलला, ३४ नंबरच्या लाँच पॅडवर सॅटर्न १बी रॉकेट उभं होतं. त्याच्या शेंड्यावर अपोलोचं ०१२ क्रमांकाचं यान. रॉकेटच्या टाक्या रिकाम्या होत्या.

टाक्या रिकाम्या, म्हणून चाचणी धोकादायक नाही. चाचणी धोकादायक नाही, म्हणून अग्निशमन, बचाव आणि वैद्यकीय पथकं पॅडवर तैनात नाहीत. संध्याकाळी साडेसहानंतर त्या यानात आग लागून गस ग्रिसम, एड व्हाइट आणि रॉजर चॅफी या तीन अंतराळवीरांचा मृत्यू झाला. खालच्या रॉकेटचा त्यात काडीचाही संबंध नव्हता.

अपोलो १ ची आग म्हणून हे प्रकरण सगळीकडे सांगितलं जातं, आणि सांगणारा बहुतेक वेळा दोन गोष्टींवर थांबतो: शुद्ध ऑक्सिजन आणि न उघडलेलं दार. दोन्ही खऱ्या आहेत. मला मात्र यात सगळ्यात जास्त अस्वस्थ करतो तो कागदावरचा निर्णय. या चाचणीत धोका आहे की नाही, हे ज्या निकषावर ठरलं तो निकष.

यान आणि माणसं

ग्रिसम चाळीस वर्षांचे, मोहिमेचे कमांडर. अंतराळात गेलेले ते दुसरे अमेरिकी. व्हाइट छत्तीस वर्षांचे. जून १९६५ मध्ये जेमिनी यानाबाहेर तरंगत गेलेले पहिले अमेरिकी ते हेच. चॅफी एकतिसाव्या वर्षी पहिल्या उड्डाणाची वाट पाहत होते. २१ फेब्रुवारीला उड्डाण ठरलं होतं. अपोलो यानातून माणसं पृथ्वीभोवती फिरवून आणायची ही पहिलीच खेप.

यान नॉर्थ अमेरिकन एव्हिएशन कंपनीने बनवलं होतं आणि ते ऑगस्ट १९६६ मध्ये केपला पोचलं, तेव्हा अर्धवट होतं. नंतरच्या चौकशीत आकडे निघाले: ११३ महत्त्वाचे अभियांत्रिकी बदल यान ताब्यात देताना व्हायचे राहिले होते आणि ताबा दिल्यानंतर आणखी ६२३ बदलांचे आदेश निघाले. कारखान्यातून निघालेल्या वस्तूत साइटवर शेकडो बदल करत बसणं म्हणजे काय, हे ज्याने एकदा भोगलं आहे त्याला वेगळं सांगायला नको. कुठली वायर कुणी, कधी, कशासाठी हलवली हे नंतर कुणालाच नीट सांगता येत नाही.

अंतराळवीरांना हे दिसत होतं. यान स्वीकारण्याच्या बैठकीत तिघांनी अपोलो यानाच्या कामाचे प्रमुख जोसेफ शे यांना एक फोटो भेट दिला. टेबलावर यानाचं छोटं मॉडेल आणि त्यापुढे तिघे हात जोडून, मान खाली घालून प्रार्थनेला बसलेले. वर लिहिलेल्या ओळींचा आशय असा, की जो, तुमच्यावर विश्वास नाही असं नाही, पण या वेळी आम्ही थेट तुमच्या वरच्याकडे जायचं ठरवलंय. सगळे हसले. जानेवारीत ग्रिसमनी घरच्या अंगणातल्या झाडाचं लिंबू तोडून आणलं आणि सिम्युलेटरवर टांगलं. आपल्याकडे गाडीला लिंबू बांधतात ते दृष्ट लागू नये म्हणून. अमेरिकेत मुळातच सदोष निघालेल्या गाडीला 'लिंबू' म्हणतात. ग्रिसमना दुसरा अर्थ अभिप्रेत होता.

आदल्या दिवशी, २६ तारखेला, राखीव चमूचे कमांडर वॉली शिरा यांनी याच यानात बसून चाचणी केली. तेव्हा यान बाहेरच्या विजेवर होतं आणि दार उघडं होतं. बाहेर आल्यावर त्यांनी ग्रिसमना सांगितलं, की बोट ठेवून दाखवावं असं काही नाही, पण हे यान मला बरोबर वाटत नाही. जरा काही वावगं दिसलं तर सरळ बाहेर पडा. शिरा हे नाव लक्षात ठेवा, या प्रकरणात ते पुन्हा येणार आहेत.

ऑक्सिजनचा हिशेब

यानात शुद्ध ऑक्सिजन भरण्याचा निर्णय वेडेपणाचा नव्हता. अंतराळात यानाबाहेर दाब शून्य. आत नेहमीच्या हवेचा दाब ठेवायचा तर यानाची भिंत जाड हवी, वजन वाढणार. त्याऐवजी चौरस इंचाला ५ पौंड एवढाच दाब ठेवायचा आणि तो सगळा ऑक्सिजनचाच असू द्यायचा. माणसाला श्वासाला पुरतो, टाक्या कमी लागतात, नायट्रोजन आणि ऑक्सिजनचं प्रमाण सांभाळणारी यंत्रणाही लागत नाही. दोन वायूंच्या यंत्रणेचा धोका काल्पनिकही नव्हता. १९६० मध्ये मर्क्युरी या अमेरिकेच्या पहिल्या समानव यानाच्या एका जमिनीवरच्या चाचणीत नायट्रोजन वाढून चाचणी देणारा माणूस बेशुद्ध पडला होता. म्हणून मर्क्युरी आणि जेमिनी शुद्ध ऑक्सिजनवरच उडाले आणि सुखरूप परतले. अपोलोसाठी कंपनीने मिश्र हवा सुचवली होती. नासाने ती नाकारली.

इथपर्यंत हिशेब जुळतो. बिघडतो तो जमिनीवर. यानाचं कवच आतून बाहेर ढकलणाऱ्या दाबासाठी बनवलेलं होतं, बाहेरून आत दाबणाऱ्या दाबासाठी नव्हे. त्यामुळे पॅडवर आतला दाब बाहेरच्या हवेपेक्षा थोडा जास्तच ठेवावा लागे. त्याने बाहेरची हवाही आत शिरत नसे आणि गळती आहे का तेही कळे. बाहेर हवेचा दाब चौरस इंचाला १४.७ पौंड. पंपावर टायरमध्ये हवा भरताना आपण ज्याला पीएसआय म्हणतो तेच हे माप. यानात त्या दिवशी १६.७ पौंड दाब होता, आणि तो सगळा ऑक्सिजनचा.

आता तुलना करा. आपण घेतो त्या हवेत ऑक्सिजनचा वाटा साधारण ३ पौंडांचा. अंतराळात यानात ५. पॅडवर १६.७. म्हणजे उड्डाणात असतो त्याच्या तिपटीहून जास्त आणि खोलीतल्या हवेच्या पाचपटीहून जास्त. 'अपोलोत शुद्ध ऑक्सिजन असतो' हे वाक्य दोन्हीकडे खरं होतं, म्हणून दोन्ही परिस्थिती एकच आहेत असं वाटत राहिलं.

गॅस वेल्डिंगच्या कुठल्याही टपरीवर जा. ऑक्सिजनच्या सिलिंडरला तेलकट हात लावला तर उस्ताद पोराच्या पाठीत धपाटा घालतो. रेग्युलेटरला ग्रीस लागलं तर ते ठिणगीचीही वाट बघत नाही, हे त्याला पक्कं माहीत असतं. दाबाखालच्या ऑक्सिजनमध्ये नायलॉन, रबर, फोम, वेल्क्रो ही सगळी जळणाची लाकडंच. यानात वेल्क्रो जवळपास ३४ चौरस फूट चिकटवलेलं होतं. दोन सिंगल पलंगांवर चादरी अंथराव्यात एवढं. वजनरहित अवस्थेत पेन, वह्या, पट्ट्या भिंतीला चिकटवून ठेवायला ते फार सोयीचं. वस्तू फटीत पडू नयेत म्हणून नायलॉनची जाळी लावली होती. ऑगस्टच्या त्या फोटोच्या बैठकीतच ज्वालाग्राही वस्तूंचा विषय निघाला होता आणि शे यांनी त्या काढायला सांगितलं होतं. काढल्याही. जानेवारीच्या चाचणीपर्यंत त्या परत आल्या.

दुपारी एक ते संध्याकाळी सहा एकतीस

चाचणीचं नाव होतं 'प्लग्ज आउट'. यानाला बाहेरून जोडलेल्या तारा सोडवायच्या आणि ते स्वतःच्या विजेवर चालतं का ते पाहायचं. खऱ्या उड्डाणासारखाच काउंटडाउन, फक्त शेवटी रॉकेट पेटत नाही. या चाचणीच्या अखेरीस अंतराळवीर आणीबाणीत बाहेर पडण्याचा सरावही करणार होते. सराव शेवटी ठेवला होता.

दुपारी एक वाजता तिघे आत शिरले. ग्रिसमनी श्वासाची नळी जोडली आणि आंबट, नासलेल्या ताकासारखा वास येतोय असं सांगितलं. काउंटडाउन थांबवून हवेचा नमुना घेतला. काही सापडलं नाही. त्या वासाचा आगीशी संबंध नव्हता असं नंतर ठरलं, पण त्यात सव्वा तासाहून जास्त वेळ गेला. पावणेतीनच्या सुमारास दारं लागली आणि यानात ऑक्सिजन भरला गेला.

मग संपर्क बिघडला. एक मायक्रोफोन चालूच राहत होता, आवाज तुटत होता, नियंत्रण कक्षाचं ऐकू येईना. ग्रिसम वैतागून म्हणाले, की दोन-तीन इमारतींमध्ये आपल्याला एकमेकांशी बोलता येत नाही, तर चंद्रावर कसे जाणार? पाच चाळीसला काउंटडाउन पुन्हा थांबला. साडेसहाला तो दहा मिनिटांवर अडकून उभा होता. साडेपाच तास तिघे पाठीवर झोपून होते.

सहा वाजून तीस मिनिटं चोपन्न सेकंदांनी यानातल्या एका विद्युतवाहिनीचा दाब क्षणभर हलला. कागदावर त्याची नोंद आहे. तेव्हा कुणी ती पाहिली नाही. दहा सेकंदांनी रेडिओवर आगीचा पहिला शब्द आला. लगेच दुसरा आवाज, कॉकपिटमध्ये आग लागलीय. मग काही सेकंद काहीच नाही. मग पुन्हा एक तुटका, घाईचा आवाज आणि शेवटी वेदनेचा. पहिल्या शब्दापासून शेवटच्या आवाजापर्यंत सतरा सेकंद.

ठिणगी बहुधा डाव्या बाजूला खाली, ग्रिसम यांच्या आसनाजवळ, हवा आणि तापमान राखणाऱ्या यंत्रणेपाशी पडली. तिथून आग जाळीवरून भिंतीने वर चढली. बंद डब्यात वायू तापला की दाब वाढतो. पंधरा सेकंदांच्या आत तो २९ पौंडांवर गेला आणि उजव्या बाजूला यानाचा तळ फाटला.

दार

दार तीन थरांचं होतं. सर्वात बाहेर, प्रक्षेपणाच्या वेळी यानाला झाकणाऱ्या आवरणाचं झाकण. मध्ये उष्णतारोधक कवचाचं दार. सर्वात आत, अंतराळवीर बसतात त्या दाबकक्षाचं दार. ते आतल्या बाजूला उघडायचं. आतून कळा फिरवून ते सोडवायचं आणि उचलून आत खाली घ्यायचं. आतला दाब जितका जास्त तितकं ते चौकटीत घट्ट बसणार. अंतराळात हीच त्याची खुबी, कारण चुकूनही ते उघडणं शक्य नाही.

ग्रिसम यांच्या १९६१ च्या पहिल्या उड्डाणात समुद्रात उतरल्यावर स्फोटकांवर उघडणारं दार आपोआप उडालं होतं. यान बुडालं, ते स्वतः थोडक्यात वाचले. दार अचानक उघडू नये ही काळजी तेव्हापासून सगळ्यांच्या डोक्यात होती. त्यावरून नियतीचा खेळ वगैरे लिहिणारे पुष्कळ आहेत. मला त्यात नियती दिसत नाही. मागच्या अपघाताचं उत्तर पुढच्या यंत्रात बसवताना आपण नवा प्रश्न बसवतोय का, हे तपासायचं राहून गेलं, एवढंच. बाहेर उघडणाऱ्या दाराची शिफारस अंतराळवीरांनी केली होती आणि ती यानाच्या पुढच्या आवृत्तीसाठी मान्यही झाली होती. ०१२ हे जुन्या आवृत्तीचं यान.

आता पुन्हा थोडं गणित. आग लागण्याआधीच आतला दाब बाहेरच्यापेक्षा चौरस इंचाला २ पौंड जास्त होता. म्हणजे दाराच्या प्रत्येक चौरस फुटावर २८८ पौंड, सुमारे १३० किलो. तळ फाटण्याआधीच्या क्षणी हाच आकडा चौरस फुटाला ९०० किलोंच्या वर गेला. दार सोडवण्याचं काम मधल्या आसनावरच्या व्हाइट यांचं होतं, उताणं झोपून, हात डोक्याच्या मागे नेऊन. ते ताकदीसाठी प्रसिद्ध होते. त्या दाबापुढे दहा व्हाइट असते तरी दार हललं नसतं. दाब सोडायची झडप ग्रिसम यांच्या बाजूला, जिथे आग होती तिथेच. आणि एवढा दाब इतक्या थोड्या वेळात त्या झडपेतून निघालाही नसता. सरावात, काहीही जळत नसताना, या दारातून सगळे बाहेर पडायला किमान दीड मिनिट धरलेलं होतं. इथे पंधरा-सतरा सेकंदांत सगळं संपलं.

बाहेर, जमिनीपासून पासष्टेक मीटर उंचीवरच्या मजल्यावर, पॅड प्रमुख डोनाल्ड बॅबिट आणि त्यांचे तंत्रज्ञ होते. बॅबिट यांनी आगीचा शब्द ऐकला आणि त्यांना बाहेर काढा म्हणून ओरडले. त्याच क्षणी यान फाटून ज्वाळेचा लोट त्या खोलीत आला. माणसं मागे फेकली गेली, उठली, परत दाराकडे गेली. यानाच्या डोक्यावर संकटकाळी यान उचलून नेणारं घन इंधनाचं रॉकेट बसवलेलं होतं. ते पेटलं तर मजल्यावरचा एकही माणूस वाचला नसता, हे त्या सगळ्यांना माहीत होतं. तरी ते पळाले नाहीत. त्यांच्यापाशी जे मुखवटे होते ते विषारी इंधनाच्या वाफांसाठी होते, दाट धुरासाठी नव्हते. दिसत काहीच नव्हतं. हाताने चाचपत कळा शोधायच्या, श्वास कोंडला की बाहेर पळायचं, दोन घोट हवा घ्यायची, परत आत यायचं. चाचणीसाठी ओढलेल्या तारांमुळे सर्वात बाहेरचं झाकण त्या दिवशी नीट बसलेलंच नव्हतं. तेवढीच एक अडचण कमी. तरी तिन्ही दारं उघडायला पाच मिनिटं लागली. आतलं दार पूर्ण खालीही सरकलं नाही. नियंत्रण कक्षाने विचारलं तेव्हा बॅबिट एवढंच सांगू शकले, की मला जे दिसतंय ते मला सांगता येणार नाही.

त्या रात्री सत्तावीस जणांवर धुरासाठी उपचार करावे लागले. तिघा अंतराळवीरांचा मृत्यू प्रामुख्याने विषारी वायूने, कार्बन मोनॉक्साइडने झाला. भाजणं दुय्यम होतं.

रकाना कुणी भरला?

चौकशी मंडळाचे अध्यक्ष होते लँग्ली संशोधन केंद्राचे फ्लॉइड थॉम्पसन. अंतराळवीरांतर्फे फ्रँक बोरमन होते. यान उघडण्याची पद्धत मला फार आवडते. पुराव्यावर पाय पडू नये म्हणून आत दीड-दीड फुटाच्या पारदर्शक चौकोनांची खोटी जमीन टांगली, एक एक चौकोन काढत खालची वस्तू उचलली. शेजारी तुलनेला ०१४ क्रमांकाचं दुसरं यान आणून ठेवलं. ०१२ मध्ये जी वस्तू जळली होती ती तिथे धडधाकट पाहता येई. यानात कुणाचा तरी विसरलेला पान्याचा सॉकेटही सापडला.

५ एप्रिलला अहवाल आला. नेमकी ठिणगी कुठली हे ठामपणे सिद्ध झालं नाही. विजेची ठिणगी असावी आणि ती एका छोट्या दाराखाली घासल्या जाणाऱ्या तारांपाशी पडली असावी, हा सर्वात संभाव्य तर्क. मंडळाने मग ठिणगीचा नाद सोडून ती कशात पडली त्याकडे बोट दाखवलं: दाबाखालच्या ऑक्सिजनने भरलेली बंद कुपी, आत जागोजाग जळाऊ वस्तू, सहज इजा होईल असं वायरिंग, गळू शकणाऱ्या नळ्यांमधला ज्वालाग्राही शीतद्रव, सुटकेची अपुरी सोय, बचावाची आणि वैद्यकीय मदतीची अपुरी सोय.

अहवालात आणखी एक निष्कर्ष आहे. चाचणीची आखणी, अंमलबजावणी आणि सुरक्षितता ज्यांच्याकडे होती त्या संस्थांना ती धोकादायक आहे हे ओळखता आलं नाही. त्यामुळे अग्निशमन नाही, डॉक्टर नाहीत, धुराचे मुखवटे नाहीत. सुटकेच्या वाटेवर पायऱ्या, सरकती दारं आणि काटकोनी वळणं होती, तीही कुणाला खटकली नाहीत.

धोका मोजायची पट्टी होती इंधन. ती पट्टी कुठून आली हे समजण्यासारखं आहे. ६ डिसेंबर १९५७ ला व्हॅनगार्ड रॉकेट टीव्हीवर साऱ्या देशासमोर पॅडवरच कोसळून पेटलं. पॅडवरचा धोका म्हणजे रॉकेट फुटणं, हे चित्र त्या पिढीच्या मनात कोरलं गेलं होतं. म्हणून यानाच्या डोक्यावर सुटकेचं रॉकेट, म्हणून ब्लॉकहाउसच्या, म्हणजे पॅडजवळच्या नियंत्रण-इमारतीच्या, जाड भिंती. सगळं लक्ष खाली.

मी काही वर्षं एका रासायनिक कारखान्याच्या सेफ्टी खात्यात काढली आहेत. तिथे एकदा रिकाम्या टाकीवर वेल्डिंगचं परमिट निघालं. टाकी रिकामी आहे, असं लिहून सही झाली. द्रव नव्हता हे खरंच, वाफ होती. झाकण छपराला जाऊन लागलं, माणूस शिडीखाली बिडी ओढायला उतरला होता म्हणून वाचला. परमिटवर एकही शब्द खोटा नव्हता. पॅड ३४ चा कागदही असाच.

आधी कुणी सांगितलं नव्हतं?

सांगितलं होतं. १९६२ मध्ये टेक्सासच्या ब्रूक्स हवाई तळावर आणि फिलाडेल्फियाच्या नौदल प्रयोगशाळेत ऑक्सिजनच्या कक्षांना आगी लागल्या. फिलाडेल्फियात निमित्त होतं बल्ब बदलण्याचं. १९६५ मध्ये वॉशिंग्टनला नौदलाच्या दाबकक्षात दोन पाणबुडे जळून मेले. एप्रिल १९६६ मध्ये अपोलोच्याच हवा-तापमान यंत्रणेला एका चाचणीत आग लागली; दोष चाचणीच्या साहित्यावर टाकून विषय मिटला. १९६६ च्या उत्तरार्धात जनरल इलेक्ट्रिकचे हिलिअर्ड पेज यांनी शे यांना आगीच्या धोक्याबद्दल पत्र लिहिलं. शे यांच्या उत्तराचा मथितार्थ असा, की आग लागणारच नाही याची आम्ही पुरेशी काळजी घेतली आहे, पण लागलीच तर मात्र अवघड आहे. शे हलगर्जी माणूस नव्हते. चाचणीत यानात बसून संपर्काचा बिघाड स्वतः ऐकावा असा विचारही त्यांनी केला होता. त्या उत्तरातलं 'लागलीच तर' एवढंच कुणी पुढे नेलं नाही.

सोव्हिएत बाजूलाही एक मृत्यू झाला होता. २३ मार्च १९६१ ला, गागारिन यांच्या उड्डाणाच्या तीन आठवडे आधी, व्हालेंतिन बोंदारेंको हा चोवीस वर्षांचा प्रशिक्षणार्थी मॉस्कोत ऑक्सिजनयुक्त कक्षात होता. अंगावरचे सेन्सर काढून त्वचा स्पिरिटच्या कापसाने पुसली आणि कापूस टाकला तो तापलेल्या शेगडीवर पडला. आत-बाहेरच्या दाबातल्या फरकामुळे दार लवकर उघडेना. काही तासांनी तो गेला. ही गोष्ट १९८६ पर्यंत जाहीर झाली नाही. रशियनांनी ती वेळीच सांगितली असती तर तिघे वाचले असते, असं हळहळून म्हणणारे आहेत. मला ते पटत नाही. अमेरिकेकडे स्वतःच्याच आगी पुरेशा होत्या. त्यात दुसऱ्याच्या एकीची भर पडून पट्टी बदलली असती असं मानायला आधार नाही.

आणि एक प्रसंग, ज्यात काही घडलंच नाही. १२ डिसेंबर १९६५, जेमिनी ६. कमांडर वॉली शिरा, शेजारी टॉम स्टॅफर्ड. इंजिनं पेटली आणि सेकंदभरात बंद पडली, पण यानातलं घड्याळ उड्डाण झाल्यासारखं चालू झालं. नियमाप्रमाणे शिरांनी कडी ओढून दोघांच्या आसनांसह बाहेर फेकलं जायला हवं होतं. रॉकेट हललेलं नाही हे त्यांना पाठीला जाणवलं आणि त्यांनी कडी ओढली नाही. पुढे स्टॅफर्ड म्हणत, की आम्ही दीड तास ऑक्सिजनमध्ये भिजलेलो होतो, आसनांची रॉकेटं पेटली असती तर आम्हीच दोन फुलबाजे होऊन उडालो असतो. म्हणजे रॉकेटच्या भीतीने दिलेलं सुटकेचं साधनच आत बसलेल्यांना पेटवणार होतं. ऑक्सिजनचा हिशेब जमिनीवर चुकतो, हे कळण्याची ती संधी होती. शिरांच्या थंड डोक्याचं कौतुक झालं आणि हिशेब तसाच राहिला.

३१ जानेवारीला ग्रिसम आणि चॅफी यांना अर्लिंग्टनला, व्हाइट यांना वेस्ट पॉइंटला दफन केलं. त्याच दिवशी ब्रूक्स तळावर ऑक्सिजनच्या कक्षात पुन्हा आग लागली आणि हवाई दलाचे दोन जवान गेले.

नंतर

बदल मोठे झाले. यानाच्या आतल्या दोन दारांच्या जागी बाहेर उघडणारं एकच दार आलं, काही सेकंदांत उघडणारं. नायलॉनच्या जागी काचतंतूंचं न जळणारं बीटा कापड आलं. तारा झाकल्या गेल्या, काही अॅल्युमिनियमच्या नळ्या पोलादी झाल्या. पॅडवर विषारी वाफेइतकाच धुराचाही विचार सुरू झाला. शे वॉशिंग्टनला गेले, त्यांच्या जागी जॉर्ज लो आले.

ऑक्सिजनचं उत्तर सर्वात उशिरा सापडलं. ह्यूस्टनला यानाच्या प्रतिकृती मुद्दाम पेटवून पाहिल्या आणि कितीही जळाऊ वस्तू काढल्या तरी १६ पौंडांचा शुद्ध ऑक्सिजन भरवशाचा होत नाही, हे १९६८ च्या सुरुवातीला स्पष्ट झालं. तेव्हा पॅडवर साठ टक्के ऑक्सिजन आणि चाळीस टक्के नायट्रोजन भरायचं ठरलं. अंतराळवीर आपल्या पोशाखात शुद्ध ऑक्सिजनच घेत राहतील आणि वर गेल्यावर यानातला दाब उतरून हळूहळू ५ पौंडांचा ऑक्सिजन उरेल. अंतराळातला जुना हिशेब तसाच राहिला, फक्त जमिनीसाठी वेगळा मांडला गेला.

तिघांच्या पत्नींच्या विनंतीवरून अपोलो १ हे नाव त्या न उडालेल्या मोहिमेसाठी राखून ठेवलं. पहिलं समानव उड्डाण अपोलो ७ चं, ११ ऑक्टोबर १९६८ ला, त्याच पॅड ३४ वरून. कमांडर वॉली शिरा.

त्या सकाळी वारा होता. प्रक्षेपणानंतर लगेच मोहीम सोडावी लागली तर यान समुद्राऐवजी जमिनीवर फेकलं जाईल, इतका जोराचा. अपोलो ७ मध्ये आसनं जुन्या पद्धतीची होती, जमिनीवर आदळल्यास आतल्यांना न वाचवणारी. म्हणून असा वारा असताना उडायचं नाही असा लेखी नियम होता. शिरांनी तो नियम दाखवला, हरकत घेतली, वाद घातला. नियंत्रण कक्षाने वारा चालण्यासारखा आहे असं ठरवलं आणि काउंटडाउन पुढे गेला. उड्डाण निर्विघ्न झालं. शिरांचा राग मात्र वर गेल्यावरही उतरला नाही, आणि त्या अकरा दिवसांत जमिनीवरच्या माणसांनी तो पुरेपूर ऐकला.